तारण कर्ज, ताबा आणि न्यायाधिकरण : वाचकांच्या प्रश्नांना उत्तरे

या सदराकडे येणाऱ्या पत्रांत बँकांच्या वसुली कारवाईविरुद्ध दाद कोठे आणि कशी मागावी, असे विचारणारी पत्रे अलीकडे वाढली आहेत. त्यांतील सहा पत्रे या अंकासाठी निवडली असून लिहिणाऱ्यांची ओळख पटेल असा तपशील वगळला आहे. बहुतेक पत्रांचा संबंध 2002 च्या ज्या कायद्याशी आहे त्याचे पूर्ण नाव इतके लांबलचक आहे, की वकील आणि बँकवाले दोघेही त्याला ‘सरफेसी’ एवढेच म्हणतात. या कायद्याने बँकेला दिवाणी न्यायालयाची पायरी न चढता तारण मिळकतीचा ताबा घेऊन ती विकण्याचा अधिकार दिला. त्यामुळे न्यायालयात जाण्याचा भार कर्जदारावर येऊन पडला, आणि त्याच्याबरोबर मुदत सांभाळण्याचा भारही.

प्रश्न : इचलकरंजीत आमचा यंत्रमागाचा छोटा कारखाना असून त्यासाठी एका नागरी सहकारी बँकेकडून घेतलेले कर्ज थकले आहे. बँकेची साठ दिवसांची नोटीस आली तेव्हा आम्ही शाखेत जाऊन तोंडी मुदत मागितली, लेखी काही दिले नाही. आता कारखान्याच्या दारावर ‘ताबा सूचना’ चिकटवली असून तीच वर्तमानपत्रातही आली आहे. येणे 46 लाख रुपये दाखवले आहे. माग मात्र चालू आहेत आणि किल्ल्या आमच्याकडेच आहेत. एका परिचिताच्या मते अधिकारी प्रत्यक्ष ताबा घ्यायला येतील तेव्हाच न्यायालयात जाता येते, शिवाय सहकारी बँकेला हा कायदा लागूच होत नाही. हे खरे आहे काय?

उत्तर : दोन्ही गोष्टी चुकीच्या आहेत. त्यांतील पहिली अधिक घातक आहे, कारण तिच्यावर विसंबून राहिल्यास आपली मुदत निघून जाईल.

सहकारी बँकांच्या बाबतीत अनेक वर्षे वाद होता हे खरे. सहकारी संस्था हा राज्याच्या अखत्यारीतील विषय असल्याने केंद्राचा हा कायदा त्यांच्या बँकांना लावता येणार नाही, असा युक्तिवाद कर्जदार करीत असत. सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने 5 मे 2020 रोजी तो फेटाळला. हा निकाल ज्या प्रकरणात लागला ते मुरगूडच्या सहकारी बँकेचे, म्हणजे आपल्याच जिल्ह्यातले होते. त्यामुळे हा मुद्दा आता कोणत्याही वकिलाने आपल्याकडून फी घेऊन मांडण्यासारखा उरलेला नाही.

ताब्याविषयी सांगायचे तर दारावरची सूचना नीट वाचावी. निम्नस्वाक्षरीकार (म्हणजे खाली सही करणाऱ्या बँकेच्या) प्राधिकृत अधिकाऱ्याने कलम 13(4) अन्वये मिळकतीचा ताबा घेतला आहे, मिळकतीशी कोणताही व्यवहार करू नये असा तमाम जनतेस इशारा देण्यात येत आहे, अशा आशयाचा मजकूर असून त्यात ताबा घेतल्याची एक तारीख लिहिलेली असते. हा सांकेतिक ताबा होय. किल्ल्या आपल्याकडे असल्या, तरी कायद्याच्या दृष्टीने बँकेची कारवाई त्या तारखेला घडली. कर्जदाराचा अर्ज प्रत्यक्ष ताबा गेल्यावरच चालेल, असा निर्णय अलाहाबाद उच्च न्यायालयाने दिला होता. सर्वोच्च न्यायालयाने 2018 मध्ये हिंदन फोर्ज प्रकरणात तो रद्द केला आणि सांकेतिक ताब्याविरुद्धही कलम 17 खाली कर्ज वसुली न्यायाधिकरणाकडे अर्ज करता येतो असे स्पष्ट केले. कर्जदाराला हा निकाल सोयीचा वाटतो आणि तो तसा आहेही, मात्र त्याची दुसरी बाजू अशी, की कलम 17 ची 45 दिवसांची मुदत त्या कागदापासूनच मोजली जाईल. तेव्हा दिनदर्शिका समोर ठेवून दिवस आजच मोजावेत.

अर्ज पुण्याच्या कर्ज वसुली न्यायाधिकरणात करावा लागेल. स्थानिक दिवाणी न्यायालयात मनाई हुकूम मागण्यात वेळ घालवू नये; कलम 34 ने तो मार्ग बंद केला आहे आणि बँकेची कारवाई कपटाची असल्याचा जो अपवाद आहे तो फार अरुंद आहे. येणे रक्कम 10 लाखांवर असल्यास कर्जदारासाठी शुल्क 5,000 रुपये आणि वरच्या प्रत्येक लाखामागे 250 रुपये असे आहे. 46 लाखांवर ते 14,000 रुपये होते. मूळ कायद्यात दाद मागण्यापूर्वी मागणीच्या 75 टक्के रक्कम भरण्याची अट होती, ती सर्वोच्च न्यायालयाने 2004 मध्ये मार्डिया केमिकल्सच्या निकालात घटनाबाह्य ठरवली. त्यामुळे अर्ज दाखल करण्यासाठी आज येणे रकमेचा हिस्सा भरावा लागत नाही. स्थगिती मागताना मात्र न्यायाधिकरण बहुधा काही रक्कम भरायला सांगते, आणि ती दिलेल्या तारखेस न भरल्यास स्थगिती आपोआप उठेल असेही त्याच आदेशात लिहिते. पहिल्या तारखेला रिकाम्या हाताने गेलेल्या अर्जदाराला सहसा फार काही मिळत नाही, हे आधीच ध्यानात घ्यावे.

अर्जात काय मांडायचे, यासाठी कागद जमवावेत. साठ दिवसांच्या नोटिशीचे पाकीट फेकून दिले नसेल तर त्यावरील टपालाचा शिक्का पाहावा, म्हणजे ती आपल्या हाती केव्हा पडली हे कळेल. त्या नोटिशीत येणे रकमेचा आणि तारण मिळकतीचा तपशील आहे काय, ती कर्जदार आणि गहाणदार अशा सर्वांना गेली काय, ताबा सूचना सात दिवसांच्या आत दोन वर्तमानपत्रांत आणि त्यांतील एका स्थानिक भाषेच्या पत्रात आली काय, खाते थकीत ठरवण्यापूर्वी हप्ता किंवा व्याज खरोखर 90 दिवसांहून अधिक काळ राहिले होते काय, हे सारे खात्याच्या उताऱ्याशी ताडून पाहावे. यांपैकी एखादा दोष सापडला तर ताब्याची कारवाई रद्द होऊ शकते. पण कर्ज रद्द होत नाही. बँक दोष सुधारून नवी नोटीस काढते आणि मधले काही महिने तेवढे हाती लागतात. त्या महिन्यांत पैसा उभा करण्याची योजना नसेल तर खटला जिंकूनही कारखाना जातो.

आपल्याकडे उद्यम नोंदणी आहे काय, हे पत्रात लिहिलेले नाही. सूक्ष्म, लघु व मध्यम उद्योगांचे कर्जखाते अनुत्पादक ठरवण्यापूर्वी त्याच्या पुनरुज्जीवनाचा विचार करण्याची जी चौकट 2015 च्या केंद्रीय अधिसूचनेने घालून दिली आहे ती बँकांवर बंधनकारक आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने 1 ऑगस्ट 2024 रोजी प्रो निट्स प्रकरणात सांगितले. त्याच निकालात असेही म्हटले आहे, की उद्योजकाने आपण लघुउद्योग असल्याचे वेळीच कागदपत्रांनिशी बँकेच्या नजरेस आणले पाहिजे. सगळी कारवाई होऊन गेल्यावर तो मुद्दा काढता येणार नाही. आपण तोंडी मुदत मागितली आणि लेखी काही दिले नाही, ही गोष्ट येथे आपल्या विरुद्ध जाईल. तरीही बँकेने खाते थकीत होण्याआधी काही पत्रव्यवहार केला असेल किंवा आपली नोंदणी बँकेच्या दप्तरात आधीपासून असेल, तर हा मुद्दा अर्जात जरूर घ्यावा.

प्रश्न : डोंबिवलीतील सदनिकेच्या गृहकर्जाचे हप्ते नोकरी गेल्यामुळे थकले. बँकेची कलम 13(2) ची, म्हणजे साठ दिवसांची, नोटीस आली आहे. तीत दंडव्याज फार लावल्यासारखे दिसते. या नोटिशीविरुद्धच न्यायाधिकरणात जाता येईल काय? नाही तर सदनिका आम्हीच विकून मोकळे व्हावे काय?

उत्तर : केवळ या नोटिशीविरुद्ध न्यायाधिकरणात जाता येत नाही. या टप्प्यावर आपल्या हातात जे आहे ते कलम 13(3अ) खालचे लेखी म्हणणे, आणि अनुभव असा की बहुसंख्य कर्जदार नेमकी हीच संधी वाया घालवतात. साठ दिवसांच्या आत आपण लेखी हरकत घेतली तर बँकेने ती विचारात घेऊन पंधरा दिवसांत कारणांसह उत्तर दिले पाहिजे. ही तरतूदही मार्डिया केमिकल्सच्या निकालातून आलेली आहे. बँकेचे उत्तर नकाराचे असले तरी त्यावर लगेच अपील होत नाही. पुढे ताब्याची कारवाई झाली म्हणजे तेच उत्तर, किंवा उत्तर न देणे, आपल्या अर्जाचा आधार बनते.

हरकत लिहिताना नोकरी जाणे, आजारपण, मुलांचे शिक्षण यांवर पाने खर्च करू नयेत. ती कारणे खरी असली तरी वसुलीच्या कारवाईत त्यांचे वजन कमी पडते. उलट कोणत्या तारखेला किती हप्ता भरला, उताऱ्यात तो कोठे दिसत नाही, व्याजदर केव्हा वाढवला आणि त्याची सूचना मिळाली की नाही, दंडाची आकारणी कोणत्या कलमाने केली, हे आकड्यांनिशी लिहावे. रिझर्व्ह बँकेच्या 18 ऑगस्ट 2023 च्या परिपत्रकानुसार थकबाकीबद्दल व्याजदरात वाढ करून दंडव्याज लावता येत नाही. वाजवी दंडशुल्क लावता येते आणि त्यावर पुन्हा व्याज चढवता येत नाही. नव्या कर्जांना हा नियम 1 एप्रिल 2024 पासून लागू झाला, तेव्हा आपले कर्ज केव्हाचे आहे ते पाहावे. हरकतीची प्रत शाखेत देऊन दुसऱ्या प्रतीवर शिक्का आणि तारीख घ्यावी, किंवा ती नोंदणीकृत टपालाने पाठवावी. शाखाधिकाऱ्याशी झालेले बोलणे कितीही सौजन्याचे असले तरी ते कागदावर उरत नाही.

सदनिका स्वतः विकण्याचा आपला विचार मला शहाणपणाचा वाटतो. लिलावात मिळणारी किंमत बाजारभावाला क्वचितच पोहोचते. मात्र नोटीस मिळाल्यावर कलम 13(13) नुसार बँकेच्या लेखी संमतीवाचून मिळकत विकता किंवा भाड्याने देता येत नाही. म्हणून ग्राहक शोधून, त्याची देऊ केलेली किंमत लिहून बँकेकडे संमती मागावी आणि खरेदीदाराचा पैसा थेट कर्जखात्यात जमा करण्याची तयारी दाखवावी. बँकांना असा प्रस्ताव नाकारण्यात फारसे स्वारस्य नसते. कर्ज पूर्ण फिटल्यावर मूळ कागदपत्रे 30 दिवसांत परत करणे बँकेवर बंधनकारक असून तिच्यामुळे विलंब झाल्यास दररोज 5,000 रुपये भरपाई द्यावी लागते. खरेदीदाराला हे सांगितले तर त्यालाही धीर येईल.

प्रश्न : कुडाळ तालुक्यात आमच्या जमिनीवर काजू प्रक्रियेची शेड आहे. जमीन आणि शेड मिळून बँकेकडे गहाण आहे. सातबाऱ्यावर जमीन आजही शेतीचीच आहे. शेतजमिनीवर सरफेसी चालत नाही असे ऐकतो. आम्ही तेवढ्यावर स्वस्थ राहावे काय?

उत्तर : स्वस्थ राहू नये. कलम 31(झ) किंवा 31(आय) म्हणून ज्याचा उल्लेख होतो त्या तरतुदीने शेतजमिनीवरील तारण या कायद्यातून वगळले आहे, हे आपण ऐकले ते बरोबर आहे. प्रश्न एवढाच, की शेतजमीन कशाला म्हणायचे, आणि त्याचे उत्तर केवळ सातबारा देत नाही.

आपल्या शेजारच्या गोव्यातले एक प्रकरण येथे पाहण्यासारखे आहे. दक्षिण गोव्यातील एका पंचतारांकित हॉटेलची मालक असलेल्या ब्ल्यू कोस्ट हॉटेल्स या कंपनीने आयएफसीआय या वित्तसंस्थेकडून कर्ज घेतले होते. ते थकल्यावर वित्तसंस्थेने हॉटेल लिलावात काढले आणि आयटीसी कंपनीने ते 515.44 कोटी रुपयांना घेतले. गहाण जमिनीपैकी काही तुकडे महसुली दप्तरात शेतीचे होते, म्हणून सारी कारवाई बेकायदा आहे, असा कर्जदाराचा एक मुद्दा होता. मुंबई उच्च न्यायालयाने कर्जदाराच्या बाजूने निकाल दिला. सर्वोच्च न्यायालयाने 19 मार्च 2018 रोजी तो फिरवला : त्या जमिनीवर शेती होत नव्हती, ती हॉटेलच्या प्रकल्पासाठी होती आणि त्याच स्वरूपात तारण दिली होती, म्हणून सूट मिळणार नाही. पुढे 2023 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने असेही सांगितले, की जमिनीवर प्रत्यक्ष शेती होते हे सिद्ध करण्याची जबाबदारी कर्जदाराची आहे आणि नुसती महसुली नोंद त्याला पुरेशी नाही.

आता आपली जमीन या कसोटीवर ठेवून पाहू. शेड ज्या तुकड्यावर उभी आहे तेथे प्रक्रिया उद्योग चालतो, वीजजोडणी बहुधा औद्योगिक असेल, कर्जही कारखान्यासाठी घेतलेले आहे. त्या तुकड्यापुरती सूट मिळण्याची आशा मी धरणार नाही. पण गहाणखतात त्याच गटातील काजूची बाग किंवा भातशेतीचा भागही आला असेल आणि तेथे वर्षानुवर्षे पीक घेतले जात असेल, तर तेवढ्या क्षेत्रासाठी मुद्दा खरा आहे. त्यासाठी पीकपाहणीच्या नोंदी, खत-बियाण्याच्या पावत्या, काजू बी विकल्याच्या पट्ट्या आणि जमिनीची दिनांकित छायाचित्रे लागतील. शेड बांधताना अकृषिक परवानगी घेतली नव्हती, ही गोष्ट आपल्या बाजूचा पुरावा म्हणून पुढे करण्याचा मोह टाळावा. तिच्यातून महसूल खात्याचा वेगळाच प्रश्न उभा राहतो.

गोव्याच्या त्या निकालातून आणखी एक गोष्ट घेण्यासारखी आहे. कर्जदाराच्या हरकतीला उत्तर देणे बँकेवर बंधनकारक आहे असे न्यायालयाने म्हटले, आणि वित्तसंस्थेने तसे उत्तर दिले नव्हते. तरीही कर्जदाराला दाद मिळाली नाही, कारण त्याने दरम्यान पुन्हा पुन्हा मुदत मागितली होती, पैसे भरण्याची लेखी आश्वासने दिली होती आणि ती पाळली नव्हती. बँकेला लिहिलेले आपले प्रत्येक विनंतीपत्र पुढे बँकच न्यायाधिकरणात दाखल करते, एवढे लक्षात ठेवून सही करावी.

प्रश्न : छत्रपती संभाजीनगर येथील आमच्या गोदामाच्या लिलावाची जाहिरात प्रसिद्ध झाली आहे. माझा भाऊ दुबईत असून तो पंधरा-वीस दिवसांत पूर्ण रक्कम पाठवू शकतो. उच्च न्यायालयाच्या येथील खंडपीठात रिट याचिका करून लिलावाला स्थगिती मिळेल काय? बँक एकरकमी परतफेडीला नकार देत आहे.

उत्तर : आपले पत्र जाहिरातीच्या आधी आले असते तर उत्तर पुष्कळ सोपे होते.

गहाण मिळकत सोडवून घेण्याचा हक्क पूर्वी विक्री पुरी होईपर्यंत टिकत असे. 2016 च्या दुरुस्तीने कलम 13(8) बदलले आणि आता सर्व येणे रक्कम खर्चासह लिलावाची सूचना प्रसिद्ध होण्याच्या तारखेपूर्वी भरली तरच बँकेला विक्री थांबवणे भाग आहे. या बदलाची धार बाफना मोटर्सच्या प्रकरणात दिसली. नवी मुंबईतील औद्योगिक भूखंडाच्या लिलावात एका खरेदीदाराने 105.05 कोटी रुपयांची बोली जिंकली आणि पैसे भरले. त्यानंतर कर्जदाराने 129 कोटी देऊन मिळकत सोडवण्याची तयारी दाखवली, बँकही राजी झाली आणि मुंबई उच्च न्यायालयाने परवानगी दिली. बँकेला अधिक पैसे मिळत होते, कर्जदाराची मालमत्ता वाचत होती. तरीही सर्वोच्च न्यायालयाने 21 सप्टेंबर 2023 रोजी तो आदेश रद्द केला आणि मिळकत लिलावातील खरेदीदाराला दिली. जाहिरात निघाली तेव्हाच सोडवणुकीचा हक्क संपला, असे कारण दिले. हा निकाल कर्जदारांवर कठोर आहे असे माझे मत आहे, परंतु लिलावात बोली लावणाऱ्याला न्यायालयाचा भरवसा नसेल तर बोली लावणार कोण, हा न्यायालयाचा प्रश्नही सहज उडवून लावता येत नाही.

रिट याचिकेबद्दल. सत्यवती टंडन प्रकरणात 2010 मध्ये आणि त्यानंतरही अनेकदा सर्वोच्च न्यायालयाने उच्च न्यायालयांना बजावले आहे, की न्यायाधिकरणाचा मार्ग उपलब्ध असताना अशा याचिकांवर अंतरिम आदेश देऊ नयेत. आपल्या शहरातच न्यायाधिकरण आहे. तेथे पीठासीन अधिकाऱ्याचे पद रिक्त असल्यामुळे प्रकरण ऐकलेच जात नसेल तर गोष्ट निराळी; तशा परिस्थितीत उच्च न्यायालये तात्पुरते संरक्षण देतात. एरवी याचिका ‘पर्यायी उपाय उपलब्ध’ या एका ओळीवर निकाली निघते आणि त्या खटाटोपात लिलावाचा दिवस उजाडतो. एकरकमी परतफेड हीसुद्धा हक्क म्हणून मागता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर 2021 मध्ये बिजनोरच्या एका नागरी सहकारी बँकेच्या प्रकरणात स्पष्ट केले आहे.

मग उरते काय? पहिली गोष्ट, विक्रीची प्रक्रिया तपासावी. विक्रीपूर्वी आपल्याला तीस दिवसांची सूचना मिळाली पाहिजे, पहिल्या लिलावासाठी जाहिरात आणि विक्री यांत तीस दिवसांचे अंतर असले पाहिजे, आणि राखीव किंमत मान्यताप्राप्त मूल्यांककाच्या अहवालावर ठरली पाहिजे. फेरलिलाव असेल तर पंधरा दिवस पुरतात. यांत खरा दोष असेल तर न्यायाधिकरणाकडे अर्ज करावा. दुसरी आणि मला अधिक महत्त्वाची वाटणारी गोष्ट अशी, की भावाच्या पैशाची वाट पाहत बसू नये. जेवढी रक्कम आज जमते तेवढी घेऊन बँकेच्या मुख्य कार्यालयात लेखी प्रस्ताव द्यावा. जाहिरात निघाल्यावर बँकेवर सक्ती करता येत नाही, मात्र बोली लागण्यापूर्वी, म्हणजे तिसऱ्या कोणाचा हक्क निर्माण होण्यापूर्वी, ती स्वतःहून लिलाव मागे घेऊ शकते. आणि या लिलावात खरेदीदारच आला नाही, तर पुढच्या जाहिरातीपूर्वी मिळणारे दिवस सोन्याचे आहेत. त्या वेळी पैसा भारतातील खात्यात आलेला असावा.

न्यायाधिकरणाचा निर्णय विरुद्ध गेल्यास 30 दिवसांत मुंबईच्या अपील न्यायाधिकरणाकडे जाता येते, पण तेथे कर्जदाराला येणे रकमेच्या निम्मी रक्कम आधी भरावी लागते. ती कमी करण्याचा अधिकार अपील न्यायाधिकरणाला आहे, तोही 25 टक्क्यांच्या खाली नाही. विक्री होऊन गेलीच, तर बँकेचे येणे आणि खर्च वजा जाता उरलेल्या रकमेवर आपला हक्क आहे. तिचा हिशेब लेखी मागावा.

प्रश्न : पुण्यात आम्ही अकरा महिन्यांच्या लिव्ह अँड लायसन्स करारावर राहतो. घरमालकाचे कर्ज थकल्याने तहसील कार्यालयाचे कर्मचारी ताब्याची नोटीस लावून गेले. आम्हाला संरक्षण आहे काय?

उत्तर : फारसे नाही. बँकेच्या अर्जावर कलम 14 खाली जिल्हादंडाधिकारी किंवा मुख्य न्यायदंडाधिकारी ताब्यासाठी मदत देतात, आणि त्या टप्प्यावर ते वादाची सुनावणी करीत नाहीत. म्हणून जिल्हाधिकारी कार्यालयात अर्ज-विनंत्या करून उपयोग नाही. भाडेकरूला कलम 17(4अ) खाली न्यायाधिकरणात आपला हक्क सांगता येतो. गहाणाच्या आधीची, नोंदणीकृत आणि मुदत न संपलेली भाडेपट्टी असेल तर तिला वजन मिळते. पण लिव्ह अँड लायसन्सवर राहणाऱ्या आपल्यासारख्या परवानाधारकाला मिळकतीत हितसंबंध मिळत नाही, आणि बँकेच्या नोटिशीनंतर तिच्या संमतीवाचून झालेला करार तर टिकणारच नाही. सामान हलवण्यासाठी प्राधिकृत अधिकाऱ्याकडे लेखी मुदत मागावी, ती बहुधा मिळते. आणि अनामत रकमेसाठी घरमालकाला आजच नोटीस द्यावी.

प्रश्न : मी सातारा जिल्ह्यातील निवृत्त प्राथमिक शिक्षक आहे. एका सहकाऱ्याच्या पतसंस्थेतील कर्जाला जामीन राहिलो. त्याने कर्ज फेडले नाही. पतसंस्था त्याच्याकडे न जाता माझ्या मागे लागली असून वसुली दाखला मिळाल्याचे सांगते आणि माझे घर जप्त करण्याची भाषा करते. मी न्यायाधिकरणात जाऊ काय?

उत्तर : आपले प्रकरण वरील सर्वांहून वेगळे आहे. पतसंस्था ही बँक नव्हे आणि सरफेसी कायद्याखाली ती कारवाई करीत नाही, म्हणून कर्ज वसुली न्यायाधिकरणाचा येथे संबंध येत नाही. तिची कारवाई महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, 1960 च्या कलम 101 खाली चालते. निबंधक चौकशी करून वसुली दाखला देतात आणि मग वसुली अधिकारी कलम 156 व नियम 107 प्रमाणे जप्ती आणि लिलाव करतात.

कर्जदाराला सोडून आपल्याकडे येण्याचा अधिकार पतसंस्थेला आहे, ही गोष्ट कटू असली तरी खरी आहे. करार अधिनियमाच्या कलम 128 नुसार जामीनदाराची जबाबदारी कर्जदाराइतकीच असते आणि धनकोने आधी कर्जदाराला गाठावे असे बंधन त्यात नाही. तेव्हा ‘आधी त्याच्याकडून वसूल करा’ हा बचाव एकट्याने टिकत नाही. आपण पाहायचे ते असे, की दाखला देण्यापूर्वी आपल्याला नोटीस मिळाली होती काय. निबंधक कार्यालयातून त्या प्रकरणाच्या सर्व कागदांच्या नकला मागाव्यात आणि रोजनामा (प्रत्येक तारखेस काय घडले याची नोंद) वाचावा. नोटीस ‘घेण्यास नकार’ अशा शेऱ्याने परत गेलेली असेल तर पाकिटावरचा पत्ता आपलाच आहे काय, हे तपासावे. बदलीच्या गावचा जुना पत्ता तसाच चालवल्याची उदाहरणे थोडी नाहीत. पतसंस्थेने आपल्या संमतीवाचून कर्जाची रक्कम किंवा अटी बदलल्या असतील, तर त्या बदलानंतरच्या व्यवहाराबाबत करार अधिनियमाचे कलम 133 आपल्या मदतीला येते.

दाखल्याविरुद्ध सहकारी संस्था अधिनियमाच्या कलम 154 खाली पुनरीक्षण अर्ज दोन महिन्यांच्या आत करावा लागतो, आणि तो ऐकला जाण्यापूर्वी वसुलीयोग्य रकमेच्या 50 टक्के रक्कम भरावी लागते. निवृत्तिवेतनावर जगणाऱ्याला ही अट जड आहे, म्हणून नकला मिळाल्याबरोबर हिशेब करून ठरवावे, की पुनरीक्षणात खरोखर काही दम आहे की तेवढीच रक्कम तडजोडीत घालणे फायद्याचे आहे. निवृत्तिवेतन जप्त होईल अशी भीती कोणी घातली असेल तर ती मनातून काढावी. शासन किंवा स्थानिक प्राधिकरण यांच्या निवृत्तिवेतनाला दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 60 चे संरक्षण आहे.

शेवटी काही रक्कम भरण्याची वेळ आलीच, तर ती सहकाऱ्याच्या हाती देऊ नये. स्वतः पतसंस्थेत भरावी आणि पावतीवर ‘जामीनदार या नात्याने’ असे शब्द लिहून घ्यावेत. भरलेली रक्कम सहकाऱ्याकडून वसूल करण्याचा दावा आपल्याला रक्कम भरल्यापासून तीन वर्षांच्या आत लावता येईल, आणि त्या दाव्यात या पावत्यांचा आधार लागेल.